ऐकून न घेता लागलेला निकाल: आधी रोजनामा पाहा, मग मालकीचं बोला

पत्र थोडक्यात: गावाकडे आमची वडिलोपार्जित २ एकर १० गुंठे जमीन आणि घर आहे. वडील जाऊन बरीच वर्षं झाली. मी आणि भाऊ पंधरा वर्षांपासून पुण्यात, बहीण लग्नानंतर नाशिकला. जमीन चुलतभाऊ बघत होता; वाटणी कधी झाली नाही. बारा दिवसांपूर्वी शेजाऱ्याने आमच्या बंद घराच्या दारावर लावलेल्या नोटिशीचा फोटो पाठवला. कोर्टाच्या हुकूमनाम्यावरून सातबाऱ्यावर फक्त चुलतभावाचं नाव लावण्याबाबतची ती फेरफाराची नोटीस होती. मग कळलं, की २०२१ मध्ये त्याने आई आणि आम्हा तिघांवर मालकी जाहीर करून मिळावी व कायम मनाई मिळावी असा दावा टाकला होता आणि पाच महिन्यांपूर्वी तो एकतर्फी मंजूर झाला. समन्स ‘घरच्यांनी घेतलं’ आणि नंतर पेपरात जाहीर नोटीसही दिली, असं तिथे नमूद आहे म्हणे. आई २०२२ मध्ये पुण्यात माझ्याकडेच वारली. खरं सांगायचं तर, त्याच वर्षी चुलतभावाने व्हॉट्सॲपवर ‘तुमच्यावर केस टाकली आहे, बघून घ्या’ असं लिहिलं होतं. मी ते रागातलं बोलणं समजून सोडून दिलं. आता कोणी म्हणतं नवा दावा टाका, कोणी म्हणतं अपील करा, कोणी म्हणतं आई मयत असताना निकाल लागला म्हणजे तो आपोआप रद्द. आमचं न ऐकता मालकी ठरतेच कशी?

उत्तर:

तुमचा संताप रास्त आहे. पण पत्राचा बराचसा भर वाटणी झाली नाही, जमीन आजोबांची होती, चुलतभावाने विश्वासघात केला यावर आहे. हे सगळं पुढे लागणार आहे; आज नाही. आज कोर्टासमोर एकच प्रश्न न्यायचा आहे: दाव्याची खबर तुम्हाला कायद्याने ठरवलेल्या रीतीने मिळाली होती का? त्याचं उत्तर ‘नाही’ असं सिद्ध झालं तर हुकूमनामा रद्द होऊन दावा पुन्हा उभा राहतो आणि मालकीवर तुमचं म्हणणं तेव्हा ऐकलं जातं. बरेच प्रतिवादी या पहिल्याच पायरीवर मालकीचे कागद घेऊन भांडत बसतात आणि समन्सचा मुद्दा अर्धवट मांडतात. तिथेच अर्ज फेटाळला जातो.

आधी मुदती. एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश ९ नियम १३ खाली, ज्या कोर्टाने निकाल दिला त्याच कोर्टात करायचा असतो. मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२३ प्रमाणे त्याला ३० दिवस मिळतात. हे ३० दिवस हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात, पण समन्सची रीतसर बजावणी झालेली नसेल तर अर्जदाराला हुकूमनामा कळल्यापासून. याच अनुच्छेदात एक स्पष्टीकरण आहे, ते तुमच्या फार कामाचं आहे: वर्तमानपत्रातली नोटीस किंवा कोर्टाच्या आदेशाने दारावर प्रत चिकटवणं अशी पर्यायी बजावणी मुदतीच्या हिशेबापुरती रीतसर बजावणी धरली जात नाही. तेव्हा फोटो मिळाला तो दिवस सोडून मोजलं, तर तुमच्या हातात अठरा दिवस आहेत.

इथे एक खड्डा आहे. अपिलाच्या मुदतीतून निकालाची नक्कल मिळायला लागलेला वेळ वजा होतो. नियम १३ च्या अर्जाला ही सवलत नाही. त्यामुळे ‘नक्कल आली की अर्ज टाकू’ म्हणून थांबू नका. नकलेसाठी तातडीचा अर्ज आजच द्या, ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर नावाने शोधून प्रकरणाचा सोळा अंकी-अक्षरी सीएनआर क्रमांक काढा, तिथे उपलब्ध असलेले आदेश उतरवून घ्या आणि त्यावरच अर्ज तयार करायला लागा. नकला नंतर जोडता येतात. सोबत मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा वेगळा अर्जही द्याच. कोर्टाने उद्या ‘घरच्यांवर झालेली बजावणी रीतसरच होती’ असं धरलं तर तुमचे ३० दिवस चार महिन्यांपूर्वीच संपलेले असतील, आणि विलंब माफीचा अर्ज नसेल तर पुढचं काही ऐकलंच जाणार नाही.

दुसरी मुदत त्याहून जवळ आहे. फेरफाराच्या नोटिशीवर हरकतीसाठी पंधरा दिवस असतात. नोटिशीवरची तारीख पाहा, कदाचित दोन-तीन दिवसच उरले असतील. तलाठी कार्यालयात (आता पदनाम ग्राम महसूल अधिकारी) लेखी हरकत द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. मजकूर चार ओळींचा पुरे: हुकूमनामा एकतर्फी आहे, तो रद्द होण्यासाठी अमुक कोर्टात अर्ज करत आहोत, नोंद प्रमाणित करू नये, प्रकरण तक्रारी नोंदवहीत घ्यावं. मात्र कोर्टाची स्थगिती नसेल तर मंडळ अधिकारी हुकूमनाम्याप्रमाणे नोंद प्रमाणित करू शकतो, हेही धरून चाला. तशी ती झाली तर प्रांताधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करता येतं. आणि नोंद झाली म्हणून खचून जाऊ नका. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे सातबाऱ्यावरची नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी मानतात, इतकंच. तिने मालकी जन्माला येत नाही आणि मरतही नाही.

आता खरं काम: कोर्टाची फाइल. निकाल लागलेलं प्रकरण असल्याने ती अभिलेख कक्षात गेलेली असू शकते. वकिलांमार्फत तपासणीचा अर्ज देऊन मूळ फाइल स्वतः डोळ्यांखालून घाला. नुसत्या निकालपत्राच्या नकलेवर भागवू नका. पुढच्या कागदांच्या सही-शिक्क्याच्या नकला लागतील: वादपत्र (दाव्याचा मूळ अर्ज), प्रत्येक प्रतिवादीच्या नावाचं समन्स आणि त्यामागचा बेलिफाचा (समन्स बजावणाऱ्या कोर्ट कर्मचाऱ्याचा) अहवाल, रजिस्टर पोस्टाचे परत आलेले लखोटे किंवा पोचपावत्या, पर्यायी बजावणीसाठी वादीने दिलेला अर्ज, त्याचं शपथपत्र व त्यावरचा आदेश, वर्तमानपत्राचं कात्रण, पहिल्यापासून शेवटपर्यंतचा रोजनामा (प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद), वादीची साक्ष आणि त्याने दाखल केलेले कागद.

बेलिफाचा अहवाल सावकाश वाचा. तुमच्या अर्जाचा जीव त्यात आहे. ‘घरच्यांनी घेतलं’ हे संहितेच्या आदेश ५ नियम १५ मधलं आहे आणि त्याच्या अटी कडक आहेत. प्रतिवादी त्या घरात राहणारा हवा, बजावणीच्या वेळी तो घरी नसावा, वाजवी वेळेत तो सापडण्याची शक्यता नसावी, आणि ज्याने समन्स घेतलं ती व्यक्ती प्रतिवादीच्या कुटुंबातली, सज्ञान आणि त्याच्यासोबत राहणारी असावी. नोकर कुटुंबात धरत नाहीत, असं नियमातच म्हटलं आहे. मग पोचेवर सही कोणाची आहे? नाव काय, नातं काय लिहिलं आहे? तुमचं घर बंद असताना सही करणारं माणूस कुठून आलं? ती सही चुलतभावाच्या घरातल्या कोणाची निघाली, तर वादीच्याच माणसाने प्रतिवादीचं समन्स घेतलं असं चित्र उभं राहतं आणि याहून बळकट मुद्दा तुम्हाला मिळणार नाही. ‘घर बंद, दारावर चिकटवलं’ असा अहवाल असेल तर घर कोणी दाखवलं, कोणासमक्ष चिकटवलं, त्यांची नावं-पत्ते त्यात हवेत. त्या अहवालासोबत बेलिफाचं शपथपत्र नसेल तर कोर्टाने त्याला शपथेवर तपासायला हवं होतं आणि मग बजावणी रीतसर झाल्याचं जाहीर करायला हवं होतं (आदेश ५ नियम १९). तसा आदेश रोजनाम्यात आहे की नाही, ते शोधा.

पोस्टाच्या शेऱ्यांनाही वेगवेगळा अर्थ असतो. ‘घेण्यास नकार’ हा शेरा असेल तर बजावणी झाली असं सर्वसाधारणपणे धरतात आणि ते खोडून काढायचं ओझं तुमच्यावर येतं. ‘पत्त्यावर राहत नाही’ किंवा ‘गाव सोडून गेले’ असा शेरा म्हणजे बजावणी नव्हे. उलट हे लोक इथे राहत नाहीत हे पोस्टमनने वादीला आणि कोर्टाला लेखी कळवलेलं आहे.

पेपरातल्या नोटिशीकडे तितक्याच बारकाईने पाहा. प्रतिवादी समन्स चुकवण्यासाठी तोंड लपवतो आहे किंवा साध्या मार्गाने बजावणी होऊच शकत नाही, अशी कोर्टाची खात्री पटल्यावरच आदेश ५ चा नियम २० लागू होतो. शिवाय ते दैनिक, प्रतिवादी शेवटी जिथे राहत किंवा काम करत असल्याचं माहीत आहे त्या भागात खपणारं असावं लागतं. तुम्ही पुण्यात आणि बहीण नाशिकला असल्याचं चुलतभावाला माहीत होतं, हे कागदाने दाखवता येईल का? लग्नपत्रिका, तुमचा पुण्याचा पत्ता असलेला आणि त्याचीही सही असलेला एखादा नोंदणीकृत दस्त, कुरिअरची पावती, आईच्या निधनानंतर तुमच्या पुण्याच्या पत्त्यावर झालेला पत्रव्यवहार, जे सापडेल ते काढा. पत्ता माहीत असून वादपत्रात गावचं बंद घर लिहिलं आणि मग तालुक्याच्या पेपरात नोटीस छापली, हा क्रम सिद्ध झाला की बाकीचं सोपं होतं.

एक गोष्ट बहुतेक अर्जांत सुटते. बजावणी प्रत्येक प्रतिवादीची वेगळी तपासली जाते. बहीण लग्नानंतर त्या घरात राहतच नाही, तेव्हा माहेरच्या पत्त्यावर, दुसऱ्या कोणाच्या सहीने तिच्यावर झालेली बजावणी तुमच्यापेक्षाही कच्ची आहे. तिघांनी एकच अर्ज केला तरी प्रत्येकाचा परिच्छेद आणि प्रत्येकाचं शपथपत्र स्वतंत्र असू द्या. हुकूमनामा असा असेल की तो एकापुरता रद्द करून बाकीच्यांवर ठेवता येत नाही, तर सगळ्यांपुरता रद्द करण्याचा अधिकार नियम १३ च्या परंतुकातच आहे. शिवाय स्त्री म्हणून बहिणीला उत्पन्नाची अट न लागता तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो.

आता त्या व्हॉट्सॲपबद्दल. तो संदेश अर्जात सांगा, दडवू नका. चुलतभावाच्या फोनमध्ये तो आहेच. तुम्ही शपथेवर ‘दाव्याची काहीच कल्पना नव्हती’ म्हणालात आणि उलटतपासात तो पुढे आला, तर बेलिफाचा अहवाल कितीही पोकळ असला तरी तुमच्यावर विश्वास ठेवायला कोर्टाला कारण उरणार नाही. नियम १३ मध्ये असंही म्हटलं आहे, की बजावणीत नुसती अनियमितता आहे एवढ्यावरून हुकूमनामा रद्द करायचा नाही, जर प्रतिवादीला सुनावणीच्या तारखेची माहिती होती आणि हजर राहून उत्तर द्यायला पुरेसा वेळ होता. वादीचे वकील नेमकं हेच वापरतील. त्याला उत्तरही त्याच वाक्यात आहे: माहिती सुनावणीच्या तारखेची हवी. ‘केस टाकली आहे’ यात कोर्ट कोणतं, दावा क्रमांक काय, तारीख कधी, काहीच नाही. वादपत्राची प्रत नाही. तेव्हा संदेश जसाच्या तसा, तारखेसह जोडा आणि त्यातून सुनावणीची तारीख कळत नव्हती हे साध्या शब्दांत लिहा. त्या दिवसांत आणखी काही बोलणं झालं असेल, मध्यस्थ आला असेल, तर तेही वकिलांना आज सांगा.

अर्जात दोन आधार वेगवेगळे मांडा: पहिला, समन्सची रीतसर बजावणी झाली नाही, दुसरा, पहिला मान्य झाला नाही तर गैरहजर राहण्यास पुरेसं कारण होतं. दुसऱ्या आधाराच्या वेळी, ज्या तारखेला कोर्टाने एकतर्फी चालवण्याचा आदेश केला त्या तारखेला तुम्ही का येऊ शकला नाहीत, एवढंच पाहायचं असतं, जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायजादा (२०००) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केलं आहे. ती तारीख रोजनाम्यात मिळेल. आईच्या आजारपणाच्याच सुमारास ती पडत असेल तर दवाखान्याचे कागद त्याच तारखेभोवतीचे काढा. पुढच्या-मागच्या वर्षांची फाइल जोडून उपयोग नाही. पुण्यातल्या वास्तव्यासाठी भाडेकरार किंवा घराचं खरेदीखत, वीजबिलं, कामावरची हजेरी, मुलांच्या शाळेचे दाखले चालतात. गावच्या घराचं जवळजवळ शून्य युनिटचं वीजबिल हा घर बंद असल्याचा छान पुरावा असतो, पण तो कोणाला सुचत नाही.

सोबत तयार कैफियत (दाव्याला तुमचं लेखी उत्तर) जोडा. सक्ती नाही, पण आम्हाला खरंच लढायचं आहे, वेळ काढायचा नाही, हे कोर्टाला तीवरून दिसतं. ‘वाटणी झालीच नाही, कब्जा सहहिस्सेदार म्हणून आहे’ हे म्हणणं तिथे येऊ द्या.

अर्ज दाखल केल्याने हुकूमनामा आपोआप थांबत नाही. अंमलबजावणीला स्थगिती आणि जमीन विकू नये, गहाण ठेवू नये, त्रयस्थाचा हक्क निर्माण करू नये, अशा दोन्ही मागण्यांचा वेगळा अर्ज त्याच दिवशी द्या. दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल झाली आहे का तेही ई-कोर्ट्सवर पाहा. महाराष्ट्रात चालू दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवण्याची सोय आहे. तुमच्या तालुक्यात तिचा काय परिणाम होतो ते वकिलांना विचारून नोंदवून घ्या. आणि स्थगिती मिळेपर्यंत रानात नांगर घालू नका, कुंपण हलवू नका. हुकूमनाम्यात कायम मनाई आहे. ती मोडली तर आदेश २१ नियम ३२ खाली मालमत्तेची जप्ती किंवा दिवाणी कैद मागता येते. भले तो हुकूमनामा उद्या रद्द होणार असो, आज तो जिवंत आहे.

तुम्हाला मिळालेल्या तीन सल्ल्यांबद्दल. नवा दावा: समन्स नीट बजावलं नाही एवढ्याच तक्रारीवर वेगळा दावा टिकवणं अवघड आहे, कारण त्यासाठी नियम १३ चा मार्ग आहे, कोर्टाची फसवणूक करून हुकूमनामा मिळवला असं ठोस दाखवता आलं तरच त्याचा विचार करा. अपील: दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९६(२) प्रमाणे एकतर्फी हुकूमनाम्यावर करता येतं. जिल्हा न्यायालयात मुदत ३० दिवस, म्हणजे तुम्हाला विलंब माफी लागेलच. पण अपिलात कोर्ट आहे त्या पुराव्यावरून निकाल तपासतं, आणि फाइलमध्ये पुरावा फक्त चुलतभावाचा आहे. शिवाय अपील माघारी न घेता निकाली निघालं, तर नियम १३ चं दार बंद होतं. भानू कुमार जैन विरुद्ध अर्चना कुमार (२००५) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे सविस्तर सांगितलं आहे. दोन्ही एकाच वेळी करता येतात, पण अपील आधी फेटाळलं गेलं तर अर्ज चालत नाही. म्हणून नियम १३ आधी. निकालपत्र मात्र अपिलाच्या नजरेने वाचून ठेवा. प्रतिवादी हजर नाही म्हणून वादीला मालकी सिद्ध करण्यातून सूट मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयाने बलराज तनेजा (१९९९) प्रकरणात हे बजावलं आहे. फक्त सातबाऱ्यावर किंवा नोंद नसलेल्या वाटणीपत्रावर मालकी जाहीर केली असेल तर तो मुद्दा राखून ठेवा.

आईचा मुद्दा तुम्हाला वाटतो तितका चालणार नाही. दावा दाखल झाला तेव्हा ती हयात होती आणि तिचे वारस म्हणून तुम्ही तिघे आधीपासूनच प्रतिवादी होतात. अशा वेळी एका प्रतिवादीच्या मृत्यूने दावा संपत नाही. तिला २०२१ मध्ये गावच्या घरी समन्स दिल्याचा अहवाल असेल आणि तेव्हा ती पुण्यात उपचार घेत असेल, तर तो मुद्दा बजावणी खोटी असल्याचा पुरावा म्हणून मात्र वजनदार आहे.

अर्जाची सुनावणी म्हणजे छोटा दावाच असतो. चुलतभावाला नोटीस निघते, त्याचं म्हणणं येतं, तुमचा उलटतपास होतो. गरज पडल्यास बेलिफाला साक्षीला बोलवण्याचा अर्ज करता येतो. बेलिफावर किंवा पोस्टमनवर लाच घेतल्याचे आरोप अर्जात लिहू नका. त्याच्या अहवालात काय नाही, एवढंच दाखवा. तडजोडीच्या नावाखाली स्वतः तारखा मागू नका. मंजूर करताना कोर्ट खर्च भरायला लावू शकतं. दिलेल्या दिवसाच्या आत भरून पावती फाइलला लावा, कारण अटीवर झालेला आदेश अट चुकली की गळून पडतो. फेटाळला तर आदेश ४३ नियम १(ड) खाली ३० दिवसांत जिल्हा न्यायालयात अपील आहे.

मंजूर झाल्यावर पुण्याचा आणि नाशिकचा पत्ता, फोन क्रमांक लेखी दाखल करा, कैफियत लगेच रेकॉर्डवर घ्यायला लावा आणि वादीच्या साक्षीदाराचा उलटतपास घेण्याची संधी मागा. संग्राम सिंह प्रकरणात १९५५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं, की प्रक्रियेचे नियम न्याय सुकर व्हावा म्हणून आहेत, लोकांना शिक्षा करण्यासाठी नाहीत, आणि कोणाच्या पाठीमागे निर्णय होऊ नये. हे तत्त्व चुलतभावालाही लागू आहे, म्हणून तुमच्या प्रत्येक अर्जाची प्रत त्याच्या वकिलांना वेळेत द्या.

राहिली तडजोड. मधल्या काळात ती येईलच आणि चांगली असेल तर जरूर घ्या, पण नियम १३ चा अर्ज आणि स्थगितीचा अर्ज दाखल केल्यानंतर. ‘अर्ज टाकू नका, आपण बसून मिटवू’ या शब्दावर उरलेले अठरा दिवस घालवू नका. जे ठरेल ते लेखी, गट क्रमांक आणि चतुःसीमांसह, तिन्ही भावंडांच्या सह्यांनी कोर्टात किंवा लोकअदालतीत दाखल करा. लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नसतं, म्हणून सही करण्याआधी बहिणीने तो स्वतः वाचलेला असू द्या आणि तिच्या हिश्शाचं काय ठरलं ते त्यात वेगळ्या परिच्छेदात लिहून घ्या.